म्हापशातलं पेटी-दुरुस्तीचं दुकान : रस्त्यावर गाणाऱ्या बाईचा अनुभव

दुकानाला पाटी नाही, त्यामुळे नाव लिहायचं म्हटलं तरी लिहिता येत नाही. म्हापशाच्या बाजारात केळीवाल्यांची रांग संपली की मडकी विकणाऱ्या बायका बसतात, त्यांच्या मागच्या गल्लीत शिरायचं. दारात एखादी उघडी पेटी, म्हणजे हार्मोनियम, उन्हाला ठेवलेली दिसेल आणि आतून एकच सूर पुन्हा पुन्हा वाजताना ऐकू येईल. तेच दुकान. आत बसणाऱ्याला सगळे मेस्त, म्हणजे कारागीर, म्हणतात. गेल्या जूनपासून मी तिथे चारदा जाऊन आले. पेटीवर ज्यांचं पोट आहे त्या सगळ्यांना हे दुकान माहीत असावं असं मनापासून वाटतं, म्हणून जरा सविस्तर लिहिते आहे.

मी पणजीत रस्त्यावर पेटी घेऊन गाते. नऊ वर्षं झाली. मूळची दिचोलीची, घरात भजन होतं, पेटी बाबांची. खर्ज-नर, म्हणजे खालच्या आणि मधल्या सुरांच्या दोन ओळींची, साडेतीन सप्तकांची. फळवाल्याच्या काट्यावर एकदा ठेवून बघितली तर अकरा किलो भरली. ती रोज खांद्याला लावून मेरशीहून बसने पणजीला आणते आणि रात्री परत नेते. कलाकाराची पेटी गादीवर असते, सतरंजीवर असते. माझी फुटपाथवर असते. तिला काय काय सोसावं लागतं ते आधी सांगते, त्याशिवाय मेस्ताने काय केलं ते कळणार नाही.

सकाळी साडेसातला बेतीच्या फेरीबोटीचा धक्का. बोट लागली की आधी स्कूटर सुटतात, मग चालणारी माणसं, आणि दीड-दोन मिनिटांत धक्का मोकळा. म्हणजे लोकांच्या कानावर जे पडायचं ते धृपदातच पडलं पाहिजे. अंतऱ्याला येते तेव्हा समोर मांडवीचं पाणी तेवढं असतं. तरी अंतरा मी सोडत नाही, पूर्ण म्हणते. पुढच्या बोटीपर्यंतचा तो वेळ माझा स्वतःचा रियाज. धक्क्यावर कमाई थोडी, कारण पायी माणसाला फेरी फुकट. बसच्या थांब्यावर तिकिटाचे उरलेले सुटे पैसे माणसाच्या मुठीत असतात, इथे मूठ रिकामी असते. भाचीने पेटीच्या झाकणाला क्यूआर कोड चिकटवून दिला तेव्हापासून बरं आहे.

दहा-साडेदहाला उठते. दुपारी बसायचं नाही हे पहिल्याच उन्हाळ्यात शिकले, तापलेल्या फरशीवर भात्याचं चिकटवण सुटतं. संध्याकाळी अठरा जून रस्ता, नाहीतर चर्चच्या पायऱ्यांसमोरचा चौक. पर्यटकांच्या बोटी सुटतात त्या जेटीकडेही जाते, पण लवकर. एकदा बोटींवरचे स्पीकर सुरू झाले की पेटी माझी मलाच ऐकू येत नाही. आठ डिसेंबरला चर्चचं फेस्त असतं, तेव्हा आजूबाजूला फेरी, म्हणजे जत्रा, भरते आणि ते दिवस वर्षातले सगळ्यांत चांगले. रविवारी मिरामार. आणि माझं दुखणं तिथेच सुरू झालं.

मे महिन्यातला रविवार होता. समुद्रावरून वारा सुटला, मी झाकण लावेपर्यंत बारीक रेती जाळीतून आत गेली. पुढचं पद सुरू केलं आणि पंचमच लागेना. माझा सा काळी चार, म्हणजे चौथ्या काळ्या पट्टीवर, तेव्हा पंचम वरच्या सप्तकातली काळी दोन. बोट पट्टीवर आहे, भाता भरलेला आहे आणि आवाज नाही. फुस्स अशी हवा नुसती. ज्याने पेटीवर गाणं म्हटलंय त्याला कळेल, पंचम गेला की सगळं गाणं एका बाजूला कलंडतं. त्या दिवशी पंचमावर यायच्या जागी गळ्यानेच भरत राहिले. वर भात्याचा एक कोपराही सुटला होता, दोन श्वासांचं काम चार श्वासांत होत होतं.

ती पेटी मी आधी दुसरीकडे दाखवली. मोठं दुकान, काचेची कपाटं. त्यांनी १९ दिवस ठेवून घेतली. त्या १९ दिवसांत मी टाळ घेऊन गायले. टाळावर गाणारी बाई लोकांना भजनाची वाटते, मग लोक हात जोडतात आणि पुढे जातात. पैसे पडत नाहीत. रुपये २,८०० देऊन पेटी सोडवली. पंचम वाजत होता, पण खालच्या खर्जाशी धरला की आवाजात लाटा उठत होत्या, वांव-वांव-वांव. मी तक्रार केली तर मोबाइलवरचं ट्यूनर, म्हणजे सूर मोजणारं अ‍ॅप, दाखवून सांगितलं, काटा मधे आहे, तुमच्या कानात फरक आहे. घरी येऊन मी रात्रभर ते दोन सूर धरून बसले होते. कानात फरक नव्हता.

मेस्ताचा पत्ता मला फेरीबोटीवर फुलं नेणाऱ्या एका मावशीने दिला. तिच्या गावच्या भजनी मेळाची पेटी त्याच्याकडे जाते. शुक्रवारी, बाजाराच्या दिवशी गेले. त्या दिवशी जाऊ नका हे आताच सांगून ठेवते, गल्लीत पाय ठेवायला जागा नसते आणि अकरा किलो खांद्यावर असतात.

त्याने पेटी उघडायच्या आधी विचारलं, "बाय, ही वाजवतेस कुठं?"

हा प्रश्न मला आजवर कुठल्याच दुरुस्तीवाल्याने विचारला नव्हता. काय बिघडलंय, किती दिवसांत हवी, एवढंच विचारतात. मी सांगितलं, रस्त्यावर. मग पुढचे प्रश्न : खाली बसतेस की स्टुलावर? खाली काय अंथरतेस? समुद्र कुठल्या बाजूला असतो? आवाज चढवायला भाता जोरात मारतेस ना? शेवटच्याला मी हो म्हटलं तेव्हा त्याने मान डोलावली आणि स्क्रू काढायला घेतले.

आत काय दिसलं ते मी जवळून बघितलं, कारण तो गिऱ्हाइकाला समोर बसवूनच काम करतो. पितळेच्या सुरांवर हिरवट कळंक चढलेला. सूर म्हणजे खाच असलेली पितळेची पट्टी, त्या खाचेवरची पातळ जीभ हवेने थरथरते आणि आवाज निघतो. काळी दोनच्या सुराची जीभ आणि तिची खाच यांच्यामधे एक रेतीचा कण, मोहरीच्या चौथाईएवढाही नाही. त्याने विजेच्या जुन्या बिलाचा कागद फाडला, पट्टी करून जिभेखालून अलगद सरकवली, एका बाजूने घातली आणि दुसऱ्या बाजूने काढली. कण कागदावर आला. मग फुंकर न घालता ब्रशने झाडलं. फुंकर का नाही, विचारलं तर म्हणाला, तोंडातली वाफ पितळेला लागते, मग कळंक आणखी चढतो. मी नऊ वर्षं फुंकर मारत आले होते.

लाटांचं कारणही त्याने तिथेच दाखवलं. सूर चढवायचा असेल तर जिभेचं टोक घासतात, उतरवायचा असेल तर बुडाशी घासतात. माझ्या काळी दोनच्या जिभेवर दोन्हीकडे कानशीचे ताजे ओरखडे होते. म्हणजे आधीच्या दुकानात एकदा टोकाला घासून सूर चढवला, जास्त चढला, म्हणून बुडाशी घासून उतरवला, आणि जीभ पार पातळ करून ठेवली. अशी जीभ हळू वाजवली तर सुरात असते, भाता जोरात मारला की हलते. ट्यूनरसमोर हळू वाजवून बघितलं असणार, म्हणून काटा मधे. तो सूर त्याने काढून टाकला आणि त्याच्या डब्यातला दुसरा, जुनाच पण जाड, बसवला. असे तीन सूर बदलले.

ज्या कामासाठी मी हे सगळं लिहिते आहे ते पुढचं. रस्त्यावर आवाज पोचवायला भाता जोरात मारावा लागतो. जोरात मारला की काही सूर घुसमटतात, एक क्षण गप्प बसतात आणि मग येतात. मला वाटायचं पेटी म्हातारी झाली. मेस्त म्हणाला, जिभा फार खाली बसवल्या आहेत. बैठकीच्या पेटीत जीभ खाचेच्या अगदी जवळ ठेवतात, म्हणजे थोड्या हवेतही सूर चटकन बोलतो. पण हवेचा दाब वाढला की तीच जीभ दडपली जाते. त्याने माझ्या नराच्या ओळीतल्या बहुतेक जिभा टोकाला केसभर उचलल्या. पातळ पत्र्याची पट्टी खाली घालून, अंगठ्याच्या नखाने, एकेक. आता पेटी जोरात मारली तरी घुसमटत नाही. उलट अगदी हळू वाजवायला गेलं तर सूर किंचित उशिरा बोलतो. हे त्याने आधीच सांगितलं आणि विचारलं, चालेल का? मी म्हटलं, मला रात्री निवांत भैरवी वाजवायला कोण बोलावतंय, उचला. तरीही एक सांगते, घरी पहाटे हळू वाजवताना तो उशीर मला जाणवतो आणि थोडं वाईट वाटतं.

काम झाल्यावर त्याने मला दुकानाच्या पायरीवर बसवून वाजवायला लावलं. आणि स्वतः गल्ली ओलांडून पलीकडे मडकीवालीच्या शेजारी जाऊन उभा राहिला. मधून मोटारसायकली जात होत्या, कोणीतरी कोथिंबिरीचा भाव ओरडत होतं. मी एक अभंग पूर्ण म्हटला. तो परत आला, पेटी पुन्हा उघडली, वरच्या सप्तकातला माझा मध्यम, काळी एक, आणखी एक केस उचलला आणि म्हणाला, हा तिथे येत नव्हता. पुन्हा पलीकडे गेला. पुन्हा वाजवलं. मग हात पुसले.

आणखी दोन गोष्टी केल्या ज्या मी मागितल्या नव्हत्या. जाळीच्या आतून मलमलीचा एक थर लावला, रेती अडावी म्हणून. आवाज त्याने थोडा मऊ होतो पण मलमल इतकी विरविरीत आहे की फरक पेटी वाजवणाऱ्यालाच कळेल. आणि पेटीच्या बुडाला जुन्या चपलेचं रबर कापून चार पाय बसवले, म्हणजे पावसात ओल्या फरशीला लाकूड टेकत नाही. गोव्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबरात. लाकूड फुगतं, पट्ट्या अडकतात, एक दाबली की शेजारची खाली बसते. दर पावसाळ्यात माझी पांढरी पाच अडकायची. गेल्या पावसाळ्यात अडकली नाही. चपलेच्या रबराला मी पूर्ण गुण देते.

तरी या सगळ्यापेक्षा मोठी गोष्ट बदलीच्या पेटीची. सुरांचं काम एका दिवसाचं नव्हतं, भात्याचे कोपरे चिकटवून वाळायला ठेवावे लागणार होते. मी म्हटलं, सहा दिवस मी काय करू? तो आत गेला आणि एक पेटी घेऊन आला. रंग उडालेला, एक खुंटी नाही, तीनच सप्तकं, पण सुरात. "ही घेऊन बस तोवर." अनामत नाही, आधार कार्ड नाही, फोन नंबर नाही. त्या पेटीवर मी सहा दिवस धक्क्यावर आणि अठरा जून रस्त्यावर बसले आणि रोजचं रोज कमावलं. ज्याचं पोट महिन्याच्या पगारावर आहे त्याला हे एवढं मोठं वाटणार नाही. माझ्यासाठी ते १९ दिवस आणि हे सहा दिवस एवढाच सगळा फरक आहे.

पैसे : कोपरे, तीन सूर, सगळ्या पेटीची साफसफाई, जिभा, सूर लावणं आणि रबराचे पाय मिळून रुपये १,४००. दुसऱ्यांदा गेले तेव्हा एक कमान, म्हणजे स्प्रिंग, बदलली, चाळीस रुपये. तिसऱ्यांदा नुसतं तपासलं आणि काही घेतलं नाही, मी नारळ दिला तो घेतला.

दुकानाच्या भिंतीवर पेटीवादक पं. तुळशीदास बोरकरांचं वर्तमानपत्रातलं छायाचित्र चिकटवलेलं आहे. बोरीचे. २०१६ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हाचं असावं, कागद पिवळा पडलाय. त्या फोटोखाली बसून एकदा मी मेस्ताला मनातलं बोलले. आदल्या संध्याकाळी एका सद्गृहस्थाने मला थांबवून सांगितलं होतं की रस्त्यात मांडायला हे काय भाजीचं दुकान आहे, गाण्याची अब्रू घालवता. मला उत्तर सुचलं नव्हतं. मेस्त सूर घासत होता, मान वर न करता म्हणाला, या पेटीला रेडिओवर बंदी होती, १९४० पासून १९७१ पर्यंत. मला माहीत नव्हतं. कारण काय, तर तिचे सूर ठरलेले, तिच्यावर मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, निघत नाही, श्रुती लागत नाहीत, वर विलायती. ते खोटं नाही. पण मला ती दोष म्हणून सांगितलेली गोष्टच उपयोगी पडते. समोरून बस गेली, हॉर्न वाजला, गळा क्षणभर चुकला तरी पेटीचा सा जागचा हलत नाही, मी परत तिथे येऊन उभी राहते. फुटपाथवर तंबोरा जुळवायला मला कोण शांतता देणार?

आता उणं काय ते. फोन उचलत नाही, बहुधा ऐकूच येत नसावा, त्यामुळे जाऊनच विचारावं लागतं. पावती देत नाही, ज्यांना मंडळाच्या हिशोबाला बिल लागतं त्यांची अडचण होईल. क्यूआर नाही, रोख न्या. सूर ट्यूनरने लावून मागितले तर लावत नाही, कानानेच लावतो, आणि त्याच्या मनासारखं झाल्याशिवाय पेटी हातात देत नाही, मग तुमची बस चुकली तरी. माझी एकदा चुकली आहे.

आणि गणेश चवथीच्या आधीचा महिना तर विसराच. घराघरांतल्या आरतीच्या पेट्या वर्षभर कपाटावर पडून असतात, त्या सगळ्या एकदम येतात. कसर लागलेल्या, झुरळांनी आतली बनात, म्हणजे लोकरी कापड, खाल्लेली. शिवाय घुमटं, म्हणजे तोंडाला कातडं चढवलेली मातीची वाद्यं. घुमटाला २०१९ मध्ये राज्याचं वारसा वाद्य म्हणून मान मिळाला, तेव्हापासून तरुण मुलंही घेऊन येतात असं मेस्त म्हणतो. तो बकरीचंच कातडं चढवतो. माझ्यासमोर एकजण जुनं घोरपडीच्या कातड्याचं घुमट घेऊन आला, तसंच दुसरं करून द्या म्हणाला, आवाजाला तोड नाही म्हणाला. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घोरपडीला संरक्षण आहे. मेस्ताने ते घुमट हातात घेऊन एकदा वाजवलं, खरंच गोड वाजलं, आणि परत दिलं. पैसे दुप्पट देतो म्हटलं तरी नाही. त्या गर्दीत गेल्या वर्षी माझी पेटी अकरा दिवस राहिली, पण बदलीची होती म्हणून मी कुरकुरले नाही.

तुम्ही जाणार असाल तर सोमवारी किंवा बुधवारी सकाळी जा. मंगळवारी बंद असतं. पेटी आधी घरी झाडून-पुसून नेऊ नका, त्याला धूळ बघायची असते, कुठून आत येते ते त्यावरून कळतं म्हणतो. कुठे बसून वाजवता ते खरं सांगा, लाजू नका. समुद्राजवळ वाजवत असाल तर घरी आल्यावर पेटी लगेच उघडू नका, आधी उपडी करून बुडाला हलक्या हाताने थोपटा, रेती आली त्या वाटेने जाते. ओल लागू नये म्हणून कपाटात विजेचा दिवा लावून पेटी ठेवायची सोय असेल तर पावसाळ्यात तशी ठेवा. माझ्याकडे नाही, मी तांदळाच्या डब्याशेजारी ठेवते, ती त्यातल्या त्यात कोरडी जागा.

मी मे महिन्याच्या शेवटी, पावसाच्या आधी, परत जाणार आहे. भात्याचा उजवा कोपरा पुन्हा किंचित सुटल्यासारखा वाटतोय. बदलीची पेटी, रंग उडालेली, एक खुंटी नसलेली, सध्या तुमच्यापैकी कोणाकडे असेल आणि तुमचं काम झालं असेल, तर तोवर मेस्ताकडे परत नेऊन ठेवा.